आर्जाआजीच्या तोंडातला संत

हे तुम्ही कोणी मानणार नाही, आणि मी पटवायलाही बसलेलो नाही. साठ वर्षं सांगतोय. आजवर एकाच माणसाने यावर विश्वास ठेवला, आणि तो पुढे निवडणुकीला उभा राहिला, म्हणजे त्याच्या बुद्धीचा अंदाज घ्या. फक्त एक करा, मध्ये बोलू नका. ही समोर बसलेली एर्सीलिया, माझी चुलत बहीण, तिला मध्ये बोलायची खोड आहे. ती पत्ते पिसतेय तोवर सांगून घेतो.

आमचं गाव रिपानेरा. ओढ्यापलीकडचं वाल्दोर्सा. मधला ओढा इतका अरुंद की उन्हाळ्यात कोंबडासुद्धा उडी मारून पलीकडे जातो, पण पलीकडे गेला की वेगळा आरवतो. आम्ही अलीकडचे शब्दांची शेपटं छाटून टाकतो. डोंगरात थंडी असते, तोंड फार वेळ उघडं ठेवणं परवडत नाही. पलीकडचे शब्द शेवटपर्यंत म्हणतात, वर गाण्यासारखे ओढतात, आणि मधला ‘क’ मात्र गरम चेस्टनट घशात अडकल्यासारखा आतच विरघळवतात. आम्हाला वाटतं हे लोक बोलत नाहीत, चूळ भरतात. त्यांना वाटतं आम्ही बोलत नाही, लाकडं फोडतो. इकडची मुलगी तिकडे द्यायची तर फादरबरोबर दुभाष्याही लागेल, म्हणून कोणी देतच नाही.

आणि इटालियन? ती तेव्हा शाळेत राहायची आणि रेडिओत. मास्तरीणबाई सांगायच्या, ती खरी भाषा आणि तुमची ती मोडतोड. आम्ही मान डोलवायचो आणि घरी येऊन मोडतोड बोलायचो. ती खरी भाषा म्हणजे मुळात फ्लॉरेन्सकरांची बोलीच. त्यांच्याकडे लिहिणारे जास्त होते, आमच्याकडे चेस्टनट जास्त होते, एवढाच काय तो फरक.

तर युद्ध संपून आठएक वर्षं झाली होती. माझी आजी, आर्जाआजी, सत्तरीला आली होती. तिची धाकटी लेक, माझी योलांदाआत्या, खाली बोर्गोफोंदोला दिलेली. एकतीस किलोमीटर, मध्ये खिंड. आत्याला तीन मुलं झाली, आणि आजीने त्यातलं एकही पाहिलं नव्हतं. आजीचे गुडघे गेलेले. आमचं खेचर सैन्यात गेलं ते परत आलंच नाही, त्याला बहुतेक बढती मिळाली. आत्याला गिरणी सोडून हलता येत नव्हतं. बस खिंडीच्या खालूनच वळायची. आजी रोज दुपारी उंबऱ्यावर बसायची आणि येणाऱ्याजाणाऱ्याला विचारायची, “बस आली का रे?” जशी काही बस म्हणजे हरवलेली शेळी.

आमचे सरपंच आमेदेओ बस कंपनीच्या कचेरीत सहा वेळा जाऊन आले. तिथल्या कारकुनाने भिंतीवरच्या नकाशावर बोट फिरवून सांगितलं, “रिपानेरा इथे नाहीच. तुम्ही नकाशात या, मी बस आणतो.”

आणि त्याच महिन्यात तोरिनोहून एका प्राध्यापकाचं पत्र आलं. प्राध्यापक बोनाल्दी. पत्रात लिहिलेलं की साऱ्या देशातल्या बोलींचा नकाशा बनतोय, एका खोऱ्यात एकच गाव घेणार, गावात एकच माणूस, आणि त्या गावाचा नकाशावर एक ठिपका पडणार. आमेदेओंनी ‘नकाशा’ एवढं वाचलं आणि ‘बोली’ला उडी मारून पुढे गेले. संध्याकाळपर्यंत साऱ्या गावाला माहीत झालं, की सरकार ठिपका देतंय आणि ठिपक्यामागून बस येतेय.

अडचण पत्राच्या शेवटी होती. माणूस साठीपुढचा हवा, गाव सोडून कधी न गेलेला हवा, आणि त्याचे सगळे दात जागेवर हवेत. बोळक्या तोंडातून उच्चार गळतात म्हणे.

आता आमच्याकडे खाणं काय, तर वाळवलेले चेस्टनट. दगड परवडले. चाळिशीत दात हलतात, पन्नाशीत उरतात त्या हिरड्या. पलीकडे वाल्दोर्सात मात्र एक जिस्मोंदो म्हणून म्हातारा होता, बत्तिशी शाबूत. तो जत्रेत दाताने अक्रोड फोडून दाखवायचा. प्राध्यापक मंगळवारी आमच्याकडे येणार, बुधवारी जिस्मोंदोकडे.

रविवारी प्रार्थना आटोपल्यावर आमच्या स्वयंपाकघरात सभा भरली. आमेदेओ म्हणाले, “गाव सोडून न गेलेली, सगळ्यात जास्त बोलणारी कोण?”

सगळ्यांनी आजीकडे पाहिलं.

आजी म्हणाली, “बोलते मी. पण दात?”

“दात आणू,” आमेदेओ म्हणाले. “गावात कवळ्या का कमी आहेत?”

पहिली कवळी आली औषधवाल्याच्या विधवेकडून. नवरा वारला तेव्हा तिने ती आठवण म्हणून ठेवलेली. नवरा होता व्हेनिसचा.

“पादोव्हाचा,” एर्सीलिया म्हणाली.

बघा, म्हटलं होतं ना? पादोव्हाचा तर पादोव्हाचा. बाई, पत्ते वाट.

आजीने कवळी बसवली, ओठ चाटले, तोंड उघडलं, आणि आम्ही तोंडात बोटं घातली. आजीच्या तोंडातून व्हेनिसची बोली वाहू लागली. लोण्यासारखी मऊ, हेलकावे घेणारी, अर्धी अक्षरं पाण्यात बुडालेली. ती आमेदेओंना “माझ्या राजसा” म्हणाली आणि तळघरात पुन्हा समुद्र शिरलाय का ते बघून यायला सांगितलं. समुद्र आमच्यापासून दोन दिवसांच्या वाटेवर.

तेव्हा कुठे आम्हाला उमगलं. बोली माणसाच्या जिभेत नसते, दातांत मुरलेली असते. जीभ बिचारी हमाल.

दुसरी कवळी पोलीस हवालदाराची. तो सिसिलीचा. दुपारी झोपला की कवळी पेल्यात काढून ठेवायचा. ती मी आणली, आणली म्हणजे उचलली. आजीने ती घातली आणि तिच्या पाठीचा कणा ताठ झाला. सगळे ‘ओ’ अंधारून ‘उ’ झाले, क्रियापद उठून वाक्याच्या शेवटी जाऊन बसलं, आणि आजीने आमेदेओंवर नजर रोखून विचारलं, “गुरुवारी चार ते सहाच्या दरम्यान आपण कुठे होतात?”

आमेदेओ पांढरेफटक पडले. त्यांची बायको तिथेच उभी होती. तिने सावकाश हात कमरेवर ठेवले आणि म्हणाली, “हो, कुठे होता?”

“काढा ती कवळी,” आमेदेओ म्हणाले. “हे आपलं नाही. हे परकं आहे.”

तिसरी मास्तरीणबाईंची. त्या तिच्याशिवाय दोन दिवस बोलणार नाहीत, या अटीवर गावाने आनंदाने ती मागून घेतली. आजीने घातली, आणि काय सांगू, रेडिओ लागला. स्वच्छ, इस्त्री केलेली इटालियन. आजीने मला खांदे सरळ करायला सांगितलं, आमेदेओंच्या बोलण्यातल्या तीन चुका काढल्या आणि चुलीला ‘आपण’ म्हणाली.

आमेदेओंच्या डोळ्यांत पाणी आलं. “हीच,” ते म्हणाले. “शहरातल्या साहेबासमोर हीच घालायची. आमच्या गावात चूळ भरत नाहीत आणि लाकडंही फोडत नाहीत, हे कळू दे त्याला.”

यात कोणालाही काही वावगं वाटलं नाही. आमच्या पिढीला एकच शिकवलेलं, पाहुणा आला की घरची भाषा पलंगाखाली सारायची.

मंगळवारी प्राध्यापक बोनाल्दी आले. बारीक मनुष्य, जाड चष्मा, हातात एवढं मोठं बाड. त्यात दोन हजार प्रश्न आणि चित्रं. आजी काळं पोलकं घालून, मास्तरीणबाईंचे दात लावून खुर्चीत बसलेली. गाव खिडकीत.

प्राध्यापकांनी आठ पायांच्या कोळ्याचं चित्र दाखवलं. “याला काय म्हणता, आजी?”

आजीने पुस्तकातला शब्द सांगितला. फावड्याचं चित्र दाखवलं, पुस्तकातला शब्द. गांधीलमाशी दाखवली. आजीने शब्द तर सांगितलाच, वर त्याचं अनेकवचनही सांगितलं.

सोळा चित्रं झाल्यावर प्राध्यापकांनी पेन्सिल खाली ठेवली. “आजी, हे सगळं मला तोरिनोत बसून ऐकायला मिळतं. मी दीड दिवस प्रवास करून आलो तो तुमची बोली ऐकायला. आई तुम्हाला हाक मारायची ती बोली. ती इथे उरलेलीच नाही का?”

खिडकीत चुळबूळ सुरू झाली. आमेदेओंनी मला कोपऱ्यात ओढलं. “ओरेस्ते, ठिपका चालला. याला मोडतोडच हवीय. मोडतोड असलेले दात कोणाकडे आहेत?”

“आपल्या गावातल्या दातांना मोडतोड येते,” मी म्हटलं, “पण आपल्या गावातले दात पडून गेलेत. गावात जन्मून गावातच राहिलेले दात एकाच माणसाकडे आहेत.”

“कोण?”

“संत त्रोफिल्लो.”

संत त्रोफिल्लो आमचा ग्रामसंत. पहिल्या काळातला बिशप, सिंहांनी खाल्लेला, अशी आमची समजूत. सिंहांनी खालचा जबडा तेवढा टाकून दिला. तो चौदा दातांसकट चांदीच्या पेटीत देवळात असतो, सप्टेंबरात त्याची मिरवणूक निघते, आणि ज्याचा दात दुखतो तो पेटीचं चुंबन घेतो. दुखणं थांबलं नाही तर दुसऱ्या दिवशी लोहाराकडे जातो.

मी धावत फादर कालिस्तोंकडे गेलो. त्यांनी ऐकलं आणि कानांवर हात ठेवले. “पवित्र अवशेष आहे तो. आणि आर्जाच्या तोंडात? त्या तोंडातून काय काय बाहेर पडतं ते मी पापनिवेदनात ऐकलंय.”

“बरं,” मी म्हटलं. “मग ठिपका वाल्दोर्साला जाईल. तिकडच्या फादरांकडे कुठल्याशा संताची अख्खी मांडी आहे म्हणे.”

फादरांनी कानांवरचे हात काढले. ती मांडी तिकडचे फादर प्रत्येक सणाला ऐकवायचे.

“मी स्वतः घेऊन येतो,” फादर म्हणाले. “पण घालण्यापूर्वी तिला चूळ भरायला लावा.”

जबडा तोंडात कसा मावला ते विचारू नका. आजीचं तोंड मोठं होतं, साऱ्या गावाला त्याचा अनुभव होता. तिने बसवला, डावीकडे सरकवला, उजवीकडे सरकवला, आणि डोळे मिटून बसली. प्राध्यापकांनी घोड्याचं चित्र पुढे केलं.

आजीच्या छातीतून एक आवाज आला. जाड, धुरकट, पुरुषी. ती बोलली ती आमची बोली नव्हती, वाल्दोर्साची नव्हती, रेडिओची तर नव्हतीच. पण गंमत ऐका. खिडकीतल्या सगळ्यांना अर्धं कळत होतं. वाल्दोर्साचं कळतं त्याहून जास्तच.

प्राध्यापकांच्या नाकावरून चष्मा घसरला. “लॅटिन,” ते पुटपुटले.

फादर कालिस्तो गुडघ्यांवर आले. मग त्यांनी दोन वाक्यं नीट ऐकली आणि पुन्हा उठून उभे राहिले. “लॅटिन आहे,” ते म्हणाले, “पण ही आमच्यातली नव्हे.”

खरंच नव्हती. देवळातली लॅटिन कशी, रेशमी झगा घालून चालते, प्रत्येक शब्दाला शेवटी झालर. ही होती बाजारातली. झालरी गळून पडलेल्या, बाह्या वर सरकवलेल्या. पंडितांच्या लॅटिनमध्ये घोड्याला जो ऐटबाज शब्द आहे तो हिच्या तोंडून आलाच नाही. आला तो भाडोत्री तट्टाचा हलका शब्द, जो आज व्हेनिसपासून सिसिलीपर्यंत सगळे आपापल्या पद्धतीने वाकवून घोड्यालाच वापरतात. डोक्याचं चित्र दाखवलं तर ती चक्क ‘मडकं’ म्हणाली. आम्ही सगळे आजही डोक्याला तेच म्हणतो, फक्त ते मडकं आहे हे विसरलोय.

प्राध्यापक रडत होते आणि लिहीत होते. “हीच ती,” ते म्हणत होते. “हीच सगळ्यांची आई. पुस्तकातल्या थोरल्या बाईसाहेब नव्हेत, ही बाजारात ओरडणारी. व्हेनिसची, नेपल्सची, तोरिनोची, तुमची, आमची, सगळी हिची पोरं. दीड हजार वर्षांत हिला कोणी ऐकलेलं नाही.”

“पोरं एकमेकांशी बोलत नाहीत ते हिच्यामुळेच का?” आमेदेओंनी विचारलं.

“शू,” प्राध्यापक म्हणाले, आणि संताकडे वळून आदराने विचारलं, “महाराज, आपण कोण?”

तर संत बिशप नव्हताच. सैन्याच्या सामानाची खेचरं हाकणारा होता. सिंहाचा यात काही संबंध नाही. खिंडीखालच्या खानावळवाल्याने दारूत पाणी घातलं, म्हणून याने दुप्पट प्यायली, आणि आमच्या ओढ्यात खेचरावरून उताणा पडला. शेवटचं जे बोलला ते त्या खेचराला उद्देशून होतं. ते आजीने जसंच्या तसं म्हणून दाखवलं, खेचराच्या आईपासून आजीपर्यंत. फादर कालिस्तोंची दातखीळ बसली. बायकांनी पोरांचे कान झाकले आणि स्वतःचे उघडे ठेवले.

प्राध्यापकांनी शेवटचा प्रश्न विचारला. “महाराज, फ्लॉरेन्सचे लोक कसं बोलतात? कारण पुढे साऱ्या देशाने त्यांच्यासारखं बोलायचं ठरवलं.”

आजीच्या तोंडातला संत खो खो हसला. “तिथे? तिथे नुसते तंबू आहेत आणि चिखल. तिथले लोक बोलतील तसं कोण बोलेल?”

बुधवारी प्राध्यापक जिस्मोंदोकडे गेलेच नाहीत. त्यांनी बाड बांधलं, आजीच्या हाताचं चुंबन घेतलं, आणि वर्षभराने तोरिनोहून नकाशा आला. आमच्या खोऱ्यात एकच ठिपका, रिपानेराचा. वाल्दोर्साच्या जागी कोरा कागद. आमेदेओ तो नकाशा घेऊन बस कंपनीच्या कचेरीत गेले. कारकुनाने पाहिलं की यात ना रस्ते, ना नद्या, नुसते ठिपके आणि आकडे. पण खाली विद्यापीठाचा शिक्का होता. आणि ज्या कागदातलं काही कळत नाही, त्यावर सही करायची ही आपल्या कचेऱ्यांची जुनी रीत.

पुढच्या सोमवारी बस आली. निळी, टपावर कोंबड्यांचे खुराडे. सगळं गाव रस्त्यावर. आजीला आम्ही पुढच्या बाकावर बसवलं, ड्रायव्हरच्या शेजारी. तिने डोक्याला काळा रुमाल बांधलेला, मांडीवर चेस्टनटच्या पिठाचा केक. खिंडीत ड्रायव्हरने भोंगा वाजवला तेव्हा तिने त्याला सांगितलं, पुन्हा वाजव. त्याने पुन्हा वाजवला. बोर्गोफोंदोच्या थांब्यावर योलांदाआत्या उभी होती, तिन्ही पोरांचे केस पाणी लावून चापलेले. आजी उतरली, अगदी ताठ, तरण्या पोरीसारखी, आणि धाकट्याला उचलून—

एर्सीलियाने पत्ते टेबलावर ठेवले.

“खोटं आहे हे, ओरेस्ते,” ती म्हणाली. “बस एकसष्ट साली आली. आजी अठ्ठावन्न साली गेली. प्राध्यापक आला होता एवढं खरं. आजीने त्याला एक शब्द सांगितला नाही. म्हणाली, एवढा मिशीवाला झाला आणि चमच्याला काय म्हणतात ते मला विचारतो, याला आधी घरी पाठवा. ठिपका वाल्दोर्साला गेला. मग तू तिला चेस्टनटच्या टोपलीत घातलंस, टोपली पाठीला बांधलीस आणि बोर्गोफोंदोला नेलीस. दोन दिवस लागले. मी तिचे बूट आणि छत्री घेऊन मागून चालत होते. आणि तिचे दात सगळे तिचे स्वतःचे होते, मेल्या. ओढ्यात तुझा पाय घसरला तेव्हा तिने मागून तुझ्या कानाला घेतलेला चावा अजून दिसतो. दाखव यांना, टोपी काढ.”